कोपऱ्यातली गुलाबी वाटी

मित्रांनो, मी एका प्रयोगशाळेतला जुना इन्क्युबेटर आहे. तुमच्या घरच्या फ्रिजचा भाऊच म्हणा, फक्त स्वभावाने उलटा. तो गारवा धरतो, मी ऊब धरतो. बाराही महिने माझ्या पोटात सदतीस अंश असतात, म्हणजे माणसाच्या अंगात असते तेवढीच उष्णता. माझ्या दाराचे रबर दोनदा बदलले आहे. एक पाय किंचित आखूड आहे, म्हणून त्याखाली पुठ्ठ्याची घडी सरकवली आहे. शेजारी नवा इन्क्युबेटर आला आहे. त्याला रंगीत पडदा आहे आणि जरा खुट्ट झाले की तो आरडाओरडा करतो. मला एवढी अक्कल कारखान्यात कुणी दिली नाही. ऊब कमी झाली तर टूं टूं करायचे, एवढेच मला येते.

माझे काम माणसाच्या पेशी सांभाळण्याचे. पेशी इतक्या लहान की सुईच्या टोकावर कितीतरी मावतील. सुरुवातीला मला त्यांचे काही वाटत नसे. पण एका सकाळी मधल्या फळीवरच्या बशीत हृदयाच्या पेशी आपोआप धडधडू लागल्या. ना छाती, ना माणूस, आणि तरी धडधड! मी अवाक झालो. एवढी वर्षे झाली, पण ते नवल काही ओसरत नाही.

आमच्या मॅडम या प्रयोगशाळेच्या प्रमुख. त्या सांगत, प्रत्येक पेशीत तीन अब्ज अक्षरांचा मजकूर असतो. त्यात सुमारे वीस हजार जनुके, म्हणजे शरीराची कामे कशी करायची याच्या सूचना. हा मजकूर आता वाचता येतो. पण कुठली सूचना नेमके काय काम करते, आणि तिच्यात एक अक्षर चुकले तर काय बिघडते, हे नुसते वाचून कळत नाही. ते करून बघावे लागते. मॅडम तेच करत.

एक दिवस एक बाबा आपल्या सात वर्षांच्या मुलीला कडेवर घेऊन आले. ते घड्याळे दुरुस्त करत. मुलीला घरी सगळे 'बडबडी' म्हणत, कारण तिच्या तोंडाला कधी कुलूप नसे. पण वर्षभरात तिचे पाय लुळे पडत चालले होते, आवाज बारीक झाला होता, आणि डॉक्टरांना आता तिच्या श्वासाची काळजी होती.

"तिची सगळी जनुकं वाचून झालीत," मॅडम म्हणाल्या. "ऐंशी ठिकाणी काहीतरी वेगळं दिसतंय. त्यातला खरा गुन्हेगार कोण, ते शोधायचंय. तिच्या कातडीच्या पेशी आम्ही वाढवल्यात. एकेका वाटीत एकेका जनुकाची चांगली प्रत घालायची. जिच्यामुळे पेशी सुधारतील, बिघाड तिथला."

बाबांनी मान डोलावली. "आमच्यासारखंच की. एकेक चाक बदलून बघायचं. ज्यानं घड्याळ चालेल, ते चाक खराब होतं."

"अगदी तसंच."

"मॅडम, माझ्या पेशी पण बोलतात का गं... का हो?" बडबडीने बारीक आवाजात विचारले. बाबांना हसू आले, आणि लगेच त्यांनी तोंड दुसरीकडे वळवले.

मग माझ्या वरच्या फळीवर एक तबकडी आली. तिला शहाण्णव इवल्या वाट्या होत्या. ऐंशी वाट्यांत ऐंशी जनुके, आठांत मुलीच्या तशाच आजारी पेशी, आणि आठांत एका धडधाकट माणसाच्या पेशी, तुलनेसाठी. सगळ्यांना पचवायला अवघड अशा एका साखरेवर ठेवले होते. त्या साखरेवर निरोगी पेशी तग धरतात आणि बडबडीच्या पेशी तीन दिवसांत मरतात. शेवटी प्रत्येक वाटीत निळे औषध टाकायचे. पेशी जिवंत असतील तर त्या निळ्याचे गुलाबी करतात.

आता माझी एक गोष्ट सांगायला हवी. माझ्या तळाशी पाण्याचा ट्रे असतो. त्यातली वाफ हवा ओलसर ठेवते. ट्रे आटला तर तबकडीच्या कडेच्या वाट्या आधी सुकतात. म्हणून दर सोमवारी पाणी भरायचे आणि माझ्या दारावरच्या कागदावर सही करायची, असा नियम होता. पण नियम जुने झाले की माणसे त्यांना गृहीत धरतात. मॅडम एक तारखेलाच चारही सोमवारांच्या सह्या करून मोकळ्या होत. पाणी भरत आमच्या मावशी. त्या काचसामान धुण्यापासून तबकड्या लावण्यापर्यंत सगळे बघत. त्या महिन्यात मावशी लेकीच्या बाळंतपणाला गेल्या होत्या.

माझा ट्रे आटत गेला. मला कळत होते. पण ऊब तर बरोबर होती, मग टूं टूं तरी कसे करू? मी नुसता तडफडत राहिलो.

तिसऱ्या दिवशी तबकडी बाहेर निघाली. धडधाकट पेशींच्या ओळीतल्या मधल्या सहा वाट्या गुलाबी होत्या, बाकी सगळे निळे.

"कडेच्या दोन का गेल्या?" कुणीतरी विचारले.

"एखाद-दुसरी वाया जातेच," मॅडम थकून म्हणाल्या. त्यांनी फोटो काढून वहीत चिकटवला आणि बाबांना फोन केला, की ऐंशींपैकी एकही जनुक दोषी दिसत नाही. शोध दुसऱ्या दिशेने सुरू झाला. मी रिकामा पडून राहिलो.

सहा आठवड्यांनी मावशी परतल्या. आल्या आल्या त्यांनी माझा ट्रे ओढला. तो कोरडा ठणठणीत होता, तळाला नुसता पांढरा थर. त्यांनी दारावरचे कागद चाळले, दर महिन्याच्या चारही सह्या जागच्या जागी. मग त्यांनी वही उघडून तो फोटो बराच वेळ बघितला.

"मॅडम, जरा इकडे या. या कडेच्या दोन वाट्यांतल्या पेशी धडधाकट माणसाच्याच ना?"

"हो."

"त्यांना कसलाच आजार नव्हता, मग त्या का मेल्या? आणि ही कडेची अख्खी ओळ बघा, वाट्या निम्म्या आटल्यात. या आजारानं नाही मेल्या. तहानेनं मेल्या."

मॅडमनी वाट्यांवरून बोट फिरवले. कडेला छत्तीस वाट्या होत्या. त्यातल्या ज्या वाट्यांत जनुके होती, त्यांतल्या कुठल्याहीत गुन्हेगार लपलेला असू शकत होता. "सही माझी आहे," त्या एवढेच म्हणाल्या.

मुलीच्या पेशींची गोठवून ठेवलेली एकच नळी शिल्लक होती. ती फुकट गेली तर पुन्हा कातडी घ्या, पुन्हा पेशी वाढवा, त्यात दोन-तीन महिने जाणार. आणि दवाखान्यातून निरोप आला होता, की बडबडीला झोपताना श्वासाचे यंत्र लावावे लागते आहे. नवा इन्क्युबेटर बुरशी लागल्याने बंद होता. म्हणजे सगळी भिस्त माझ्यावर! मावशींनी ट्रे काठोकाठ भरला. मॅडम रोज स्वतः वाकून पाणी बघत, मगच सही करत. ते तीन दिवस मी जीव मुठीत धरून ऊब सांभाळली.

तबकडी बाहेर निघाली. निळे औषध पडले. प्रयोगशाळेतल्या सगळ्या जणी टेबलाभोवती उभ्या होत्या. आधी धडधाकट पेशी गुलाबी झाल्या, आठच्या आठ. मग बराच वेळ काहीच नाही. आणि मग अगदी शेवटच्या ओळीत, कोपऱ्यातल्या वाटीत निळ्याचे जांभळे झाले, जांभळ्याचे गुलाबी. ऐंशींत ती एकटी.

कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत. मॅडम मटकन स्टुलावर बसल्या आणि मावशींचा हात धरून रडल्या. मला तर काय वाटले ते सांगता येत नाही. तीन अब्ज अक्षरांत एक अक्षर चुकले होते, आणि ते नखाएवढ्या वाटीने दाखवून दिले होते.

ते जनुक एक साधे जीवनसत्त्व पेशीत आत घेणाऱ्या दाराचे निघाले. दार अर्धवट मिटले होते. मग जीवनसत्त्वच भरपूर दिले तर फटीतून पुरेसे आत जाईल का? मॅडमनी मुलीच्या उरलेल्या पेशींवर ते करून बघितले. पेशी तगल्या. डॉक्टरांनी गोळ्या सुरू केल्या. महिन्याभरात श्वासाचे यंत्र निघाले. त्याआधीच मॅडमनी बाबांना समोर बसवून पाण्याची आणि सह्यांची सगळी हकिकत सांगितली होती. बाबा म्हणाले होते, "सांगितलंत, हे बरं केलंत."

काही महिन्यांनी बडबडी स्वतःच्या पायांनी प्रयोगशाळेत आली. "मला माहितीये, माझी शू पिवळीधम्मक होते! गोळ्यांमुळे!" तिने आल्या आल्या सगळ्यांना ऐकवले. मग माझ्यासमोर उभी राहिली. मावशी म्हणाल्या, "उघड की दार."

तिने डावा हात पुढे केला. बोटे कडीवर टेकली, पण मिटेनात. त्या सहा आठवड्यांत त्या हाताची पकड गेली होती, ती परत आली नव्हती. मॅडमनी खाली पाहिले. मुलीने हात बदलला, उजव्या हाताने दार ओढले, आणि माझी ऊब तिच्या तोंडावर आली.

"किती छान गरम आहे! इथे कोण राहत होतं?"

"तूच," मॅडम म्हणाल्या.

मित्रांनो, मी आता थकलो आहे, लवकरच मला हलवतील. माझे एवढेच मागणे आहे. कामाच्या कागदावर सही करण्याआधी एकदा वाकून आत बघत जा. तिथे कुणीतरी तहानलेले असेल, आणि त्याला हाक मारता येत नसेल.