झारांच्या गावची झारी

मित्रांनो, मी एक जुनी पत्र्याची झारी आहे. मला पाहिलं की तुम्ही लगेच म्हणाल, चला, झाडांना पाणी घालू या! तिथेच सगळ्यांची चूक होते. माझी साठ वर्षं होत आली तरी मी एका रोपाचंही तोंड पाहिलं नव्हतं. मी बॅलेच्या वर्गातली झारी. माझा जन्म लेनिनग्राडचा, म्हणजे आताच्या सेंट पीटर्सबर्गचा, जिथे पूर्वी रशियाचे झार राहत. नावाचं साम्य सोडलं तर झारांशी माझा काडीचाही संबंध नाही. एका पत्रेवाल्याने उरल्यासुरल्या पत्र्यातून मला ठोकून काढलं, एवढंच माझं कूळ.

काम मात्र मानाचं होतं हो! बॅलेची जमीन तेव्हा लाकडी फळ्यांची असे. फळ्या कोरड्या पडल्या की निसरड्या होतात आणि गिरकी घेणारी पोर धाडकन आपटते. म्हणून वर्गाआधी माझ्या तोटीतून जमिनीवर बारीक पाणी शिंपडत. डबकं होईल इतकं मुळीच नाही, फक्त पावलाला पकड मिळेल इतकं. ते झाल्याशिवाय पियानोवाला पहिला सूरसुद्धा वाजवत नसे.

तिथे शिकलेल्या झोया मॅडम एका वेल्श खलाशाशी लग्न करून कार्डिफला आल्या, तेव्हा त्यांना बॅले शिकवणाऱ्या बाईंनी मला त्यांच्या हातात दिलं. मॅडमनी इथे छोटीशी शाळा काढली. रोज सकाळी त्या मला घेऊन आठाच्या आकड्यात जमिनीवर फिरायच्या आणि मुलींना गोष्टी सांगायच्या. पेटिपा नावाचे नृत्यगुरू मूळचे फ्रान्सचे. त्यांनी उभी हयात रशियात काढली, रशियन बॅलेला रूप दिलं, पण रशियन भाषा त्यांना कधी धड बोलता आली नाही. "माझ्या इंग्लिशला हसता काय? मग त्यांनाही हसा!" मॅडम म्हणायच्या. पावलोवाचे घोटे इतके नाजूक होते, की ही कसली नाचणार असं लोकांना वाटायचं. तीच पुढे जगभर नाचली आणि लंडनला येऊन राहिली. आणि वागानोवा! नर्तकी म्हणून तिला मोठा मान मिळाला तो अगदी निवृत्तीच्या तोंडावर. मग ती शिकवायला लागली, आणि आज कितीतरी देशांतल्या मुली तिच्या पद्धतीने शिकतात. वागानोवाचं नाव घेताना मॅडमचा आवाज कापायचा. त्यांच्या बाई वागानोवाच्या हाताखाली शिकल्या होत्या ना!

मग शाळेत लाकडावर राखाडी विनाइल अंथरलं. पाय घसरेना, पाणी लागेना. मला झाडूच्या कपाटात ठेवलं. दाराआडून मला पियानो ऐकू यायचा. पुढे पियानो गेला, स्पीकर आला. मॅडम थकल्या आणि एका मार्चमध्ये गेल्या. खरं सांगते, त्या कपाटात मला फार एकटं वाटायचं. रशियातलं माझ्याशी बोलणारं कुणी उरलं नव्हतं.

गेल्या वर्षी नव्या शिक्षिकेने, मिस बेथनने, कपाट रिकामं केलं. "हवं ते न्या," ती पालकांना म्हणाली. मंजिरीने मला उचललं. ही मूळची नागपूरची, इथल्या हॉस्पिटलात नर्स. तिची मुलगी इरावती तेव्हा आमच्या बॅलेशाळेत शिकायची. "अय्या, किती गोड! माझ्या कोथिंबिरीला बरी होईल," मंजिरी म्हणाली. वागानोवाच्या परंपरेतली मी, आणि कोथिंबीर! गुपचूप पाणी घातलं.

तेवढ्यात इरावतीला लंडनच्या एका बॅलेशाळेच्या ऑडिशनचं बोलावणं आलं. ऑडिशन जुन्या लाकडी जमिनीवर होणार होती. सराव व्हावा म्हणून तिच्या बाबांनी, अतुलने, पुढच्या खोलीतलं कार्पेट काढलं. खाली शंभर वर्षांच्या फळ्या निघाल्या. इरावती गिरकी घ्यायची आणि पडायची. पुन्हा उठायची, पुन्हा पडायची. हे ऐकून मिस बेथन म्हणाली, घोटे कच्चे आहेत. पोरीला ते खरं वाटलं.

ऑडिशनला चार दिवस उरले होते. इरावती खिडकीशी बसून रडत होती. "आई, मी नाही जाणार. आय ॲम जस्ट नॉट गुड इनफ. माझी घोटा वीक आहे."

मी खिडकीबाहेर कोथिंबिरीत उभी होते. अगं वेडे, घोटा नाही, फळ्या कोरड्या आहेत! मला सगळं कळत होतं आणि माझ्या तोटीतून शब्द फुटत नव्हता. इतकी लाचार मी कपाटातही नव्हते.

"बरं, नको जाऊस," मंजिरी म्हणाली. "पण ही धूळ बघ किती उडतेय! झाडायच्या आधी जरा सडा टाकते."

"सडा म्हणजे?"

"आमच्याकडे सकाळी अंगणात पाणी शिंपडायचे. धूळ खाली बसते." तिने बाहेर येऊन मला उचललं आणि हलक्या हाताने खोलीभर पाणी शिंपडलं. नेमकं तितकंच, डबकं होणार नाही इतकं. मित्रांनो, मला भरून आलं. माझ्या कामाला मराठीत नाव होतं, आणि ते मला इतक्या वर्षांनी कळत होतं!

इरावती डोळे पुसत उठली. एक गिरकी घेतली. मग दुसरी, मग सलग तीन.

"आई! पडलं नाही मी! माझी घोटा ठीक आहे!"

"माझी नाही, माझा घोटा, बाळा," मंजिरी म्हणाली आणि तीच रडायला लागली.

लंडनला मला कुणी नेलं नाही. तिथे इरावतीने बाटलीतल्या पाण्याने बुटांचे तळ ओलसर केले आणि ती नाचली. तिची निवड झाली. सप्टेंबरमध्ये ती तिकडे होस्टेलवर राहायला गेली आणि घर सुनं झालं.

खोलीत कार्पेट काही परत आलं नाही. रविवारी ड्युटी नसली की मंजिरी मला भरते आणि त्या रिकाम्या खोलीत सडा टाकते. नाचणारं कुणी नसलं की पाणी नुसतंच सुकतं. ते पाहताना मला कपाटापेक्षाही जास्त एकटं वाटतं, आणि तिलाही वाटत असणार. परवा अतुल म्हणाला, "अगं, कशाला उगाच?"

"फळ्या कोरड्या पडल्या तर ख्रिसमसला आल्या आल्या आपटेल ना ती," मंजिरी म्हणाली आणि कोपऱ्यापर्यंत पाणी नेलं.

मित्रांनो, जुनी वस्तू टाकायच्या आधी तिचं काम काय होतं ते विचारा. आणि एखादं मूल पुन्हा पुन्हा पडत असेल, तर त्याला नावं ठेवण्याआधी त्याच्या पायाखालची जमीन एकदा हात लावून बघा.