दहावा माणूस

एझ्रा थळकर कॅमेरा घेऊन मुंबईहून आलापल्लीला आला, तो म्हणे इस्रायलला निघालेल्या बेने इस्रायल, म्हणजे मराठी यहुदी, घरांचे रीतिरिवाज फिल्मवर टिपायला. खरं सांगायचं तर त्याला बेन्जामिनसाहेबांचं तोंड पाहायचं होतं, तेही पडलेलं.

बेन्जामिनसाहेब सागवानाचे बडे ठेकेदार. एझ्राचा बाप त्यांच्याच डेपोत मुन्शी होता आणि तिथेच तापाने गेला. मेलेल्यासाठी कद्दीशची प्रार्थना म्हणायची तर दहा यहुदी पुरुष उभे लागतात. आसपासचे नऊ जमले, दहावे साहेब. पण मुन्शीच्या घराण्यात कधीकाळी बाहेरची बाई आलेली, म्हणून ते ‘काळे इस्रायल’. साहेब खुर्चीतून हलले नाहीत. बाप प्रार्थनेवाचून मातीत गेला आणि पोरगा एझ्रा दात-ओठ खात बघत राहिला.

आता साहेबांच्या बायकोला, मिलकाबाईंना, वारून वर्ष झालं होतं. मुलं केव्हाच बोटीत बसून इस्रायलला गेलेली. वर्षाच्या कद्दीशसाठी बल्लारशा, नागपूरहून आलेले पाहुणे आणि साहेब मिळून नऊच झाले.

“ये रे, इथी उभा राय,” साहेब म्हणाले.

“मी कॅमेऱ्यामागेच बरा,” एझ्रा म्हणाला. “काळ्यांची गणती तुमच्यात होत नाही ना?”

पाहुण्यांनी माना खाली घातल्या. रखवालदार लालसूला काही उमगेना. “एक मानूस कमी हाये त मी उभा राहतो ना, साहेब!” बिचारा यहुदी नव्हता; एका पाहुण्याने त्याला हातानेच मागे सारलं.

साहेब काकुळतीला आले. “चुकलो मी, बाबू. पन तिनं तुयं काय बिघडवलं? तिच्यासाठी ये.”

म्हातारा रडला. एझ्राच्या जिवाला गार वाटलं, अगदी मनापासून वाटलं.

“आधी माझ्या बापासाठी म्हणा. नाव घेऊन, मोठ्यानं. मग येतो.”

“म्हनतो ना, आत्ताच म्हनतो.”

एझ्राला हे अपेक्षित नव्हतं. त्याने खिशातली प्रार्थनेची टोपी काढून डोक्यावर चढवली आणि तो खरोखरच पुढे येऊन रांगेत उभा राहिला. साहेबांनी डोळे मिटले, तोंड उघडलं आणि तसेच थांबले.

“मुन्शीचं... नाव काय होतं रे? आमी त त्याले काळूच म्हनत होतो.”

उभा जन्म बापाने या माणसाची लाकडं मोजली होती. एझ्रा रांगेतून निघाला, कॅमेऱ्यामागे गेला, त्याने कॅमेऱ्याला चावी दिली.

“आठवा,” तो म्हणाला. “मला घाई नाही.”

साहेबांचे ओठ नुसतेच हलू लागले. एझ्राने कॅमेरा सुरू केला.