फ्रेममधला कागद

२००२ साली आमच्या मढ गावी चांगदेवकाकांच्या पॉलीहाउसातले गुलाब बघायला हॉलंडहून यान नावाचा तज्ज्ञ आला. भेट म्हणून त्याने कॅलेंडर आणलं. त्यांच्या जुन्या व्यापारी कंपनीच्या स्थापनेला चारशे वर्षं झाली म्हणे, म्हणून बारा महिन्यांची बारा जहाजं. मी इतिहास शिकत होते. असल्या जहाजांतून मिरी-लवंगांबरोबर आपल्या किनाऱ्यावरची माणसंही विकायला नेली, असं मी काकांना सांगून बसले. तिथेच चुकलं.

काकांना भाषणाला विषय मिळाला. ओसरीवर गाव जमवून, आधी शाल-श्रीफळ देऊन, त्यांनी पाहुण्याला फैलावर घेतलं. माणसं विकणाऱ्यांचं तोंडही पाहू नये, वगैरे. दुभाषी मी. यानने मान खाली घातली. त्याच्या आजोळच्यांनी सुरिनामला उसाच्या मळ्यात गुलाम राबवले होते. हात जोडून त्याने माफी मागितली. काका इतके फुलले की टाळ्या त्यांनीच सुरू केल्या.

त्या भरात त्यांनी भिंतीवरची फ्रेम काढली. आत मोडीतला कागद. काकांच्या मते पेशव्यांची सनद. दर दसऱ्याला घरकामाची सरूबाई हार ओवायची, काका फ्रेमला घालायचे. वाचली मात्र कुणीच नव्हती. मी पुण्यात नुकतीच मोडी शिकले होते.

"वाच की आरोही. कळू दे त्यांना आपलं घराणं."

दोन ओळी मनातल्या मनात वाचून मी दाराकडे पाहिलं. सरूबाई चहाचा ट्रे घेऊन दारात उभी होती. तिची आई, आजी, पणजी, सगळ्या आमच्याच घरी राबल्या. त्या मूळच्या कुठल्या, असं विचारलं की काका म्हणायचे, घरच्याच. खोटं वाचणं सोपं होतं. गावात कुणाला मोडी कळत होती?

मी खरं वाचलं. दुष्काळात चार मण भाताला घेतलेली कुणबीण, म्हणजे गुलाम दासी, वय वर्षे नऊ, पुढे होणाऱ्या लेकरांसह कायमची खरेदी.

"पोरीचं नाव काय लिवलंय?" सरूबाईने विचारलं.

"नाव नाही लिहिलं."

यानलाही मी अर्थ सांगितला. तो काकांकडे बघत राहिला, गावही बघत राहिलं. आता माफीची पाळी कुणाची, हे शेंबड्या पोरालाही कळत होतं.

काका खाकरले. "लई जुनी गोष्ट हाय, राव. सरू, पावण्यांना च्या दे."

सरूबाईने ट्रे त्यांच्या मांडीवर ठेवला. "तुमीच द्या," म्हणाली आणि पायरीवरच्या चपला घालून निघाली.

त्या दसऱ्याला फ्रेमच्या खिळ्यावर जहाजांचं कॅलेंडर होतं. हार नव्हता. ओवायला सरूबाई आलीच नाही.