दिवस बुडायच्या आत

पारससोबत लग्न करून मी कारंज्याले आली, तवापासून त्याची पोरगी खुशबू मले सिनेमातल्या सावत्र आईसंग ताडून पाह्यते. आमचं जैनाचं घर; दिवस बुडाला की जेवण बंद. म्हणून आज मी हाका मारून मारून थकली, पण पोरगी टीव्हीपुढून हलेना. पिक्चर नवाकोरा, घर काचेचं, सावत्र आई मात्र तीच जुनी, पोरीले उपाशी कोंडणारी! ते पाहून खुशबू रडून राह्यली होती. पिक्चर संपला, तवा दिवस बुडाला होता.

"आता मी उपाशी झोपू काय?" ती माझ्यावरच खेकसली.

"झोप. तुही वाट पाहून पाहून मीबी जेवली नाही. हे दाखवते काय कोणी पिक्चरात?"