टाकून दिलेलं नाव

चुडामण पाटलाने पायाने दार आत लोटलं आणि सलाउद्दीन मास्तरांना उंबऱ्याबाहेरच थांबवलं.

"आठेच बस. आनि मन्ही मायले सांग, 'मी खोटं बोलनू' म्हनीसन."

आत त्याची आई, गजराबाई, भिंतीला टेकून बसली होती. ओठांना चिरा पडल्या होत्या. समोर घरच्या विहिरीच्या पाण्याचा तांब्या, त्यावर ओलं फडकं. परवा संध्याकाळपासून तिने त्याला हात लावला नव्हता. दूधही नको, म्हैस त्याच विहिरीचं पाणी पिते, असं तिचं म्हणणं.

मास्तर उकिडवे बसले. परवा वर्गात त्यांनी पाटलाच्या विहिरीतला एक थेंब सूक्ष्मदर्शकाखाली ठेवला होता. त्यात वळवळणाऱ्या जिवांच्या अंगातल्या रसाला त्यांच्या जुन्या इंग्रजी पुस्तकात 'सारकोड' म्हटलं होतं. पोरांनी अर्थ विचारला, तो त्यांनी सांगितला: मांसासारखं. आधी जरा विचार करायला हवा होता, हे त्यांना शाळा सुटल्यावर कळलं. दिवे लागेपर्यंत गावभर झालं होतं, की मुसलमान मास्तरने पाटलाच्या पाण्यात मांस दाखवलं.

"बोल ना," चुडामण म्हणाला. "तुले ते पाणीमा बी मांसच दिसी. शाळानी कमिटीवर मी शे, ध्यानमा ठेव."

"माय," मास्तर उंबऱ्याकडे बघत म्हणाले, "ते नाव एका फ्रेंच विद्वानाने दिलं. शंभर वर्षं होत आली. पाण्यातल्या बारीक जिवांत त्याला चिकट रस दिसला. ग्रीक भाषेत मांसाला सार्क्स म्हणतात, त्यावरून सारकोड. काल मी नंदुरबारला जाऊन नवं पुस्तक पाहिलं. आता ते नाव कोणी घेत नाही. टाकून दिलं."

"आयकं का माय? टाकी दिधं. खोटं व्हतं. पी ले आते."

गजराबाईने लेकाकडे न पाहता मास्तरांनाच कारण विचारलं.

"काब्र टाकं?"

मास्तरांनी टोपी काढली, पुन्हा घातली. इथे गप्प बसले असते तरी चाललं असतं.

"तसलाच रस झाडापाल्यातही सापडला. वांग्यात, ज्वारीच्या दाण्यात. मग मांसाचं नाव कसं चालणार? दुसरं दिलं."

"मास्तर," चुडामण दबक्या आवाजात म्हणाला.

"मंग तो रस मन्हामा बी व्हई," म्हातारी म्हणाली.

"आहे."

"आनि तुन्हामा?"

"आहे."

"येगळा शे का?"

"नाही. एकच."

ती बराच वेळ आपला हात उलटसुलट करून पाहत राहिली. मग तिने फडकं बाजूला सारलं, तांब्या उचलला आणि न थांबता प्यायली. पाणी हनुवटीवरून गळ्यातल्या तुळशीच्या माळेवर ओघळलं.

चुडामण बाहेर आला. दार मागे ओढून घेऊन मास्तरांच्या अगदी पुढ्यात उभा राहिला.

"पाणीनं सांगं ते सांगं. हाई शेवटनं, सर्वासमा एकच रस, वर्गमा बोलना, ते नोकरी गई समज."

मास्तर जोड्यात पाय घालत होते. टाच आत जाईना. बोट घालून त्यांनी ती सरकवली.

"उद्याचा धडा तोच आहे," ते म्हणाले.