शेला आढ्याला चिकटला तेव्हा

आमच्या विणकर आळीत कोणाच्याही घरात शिरलात, तर मागावरच्या कापडाला शिवी दिल्याशिवाय पुढे जायचं नाही. "काय हे गोणपाट!" एवढं म्हटलं तरी चालतं. कापड ऐकत असतं. शिवी ऐकली की नम्र राहतं, कौतुक ऐकलं की फुगतं. हे आमच्या रांगत्या पोरांनाही ठाऊक आहे. घाटापलीकडून आलेल्या विहीणबाईंना सांगायचं मात्र राहून गेलं.

माझ्या पुतणीचं, मिरथाचं लग्न होतं. गुंफणीचा दिवस वर्षातून एकदाच येतो. त्या दिवशी सूर्य डोंगराआड जायच्या आत शेल्याने आपल्या मनाने नवरानवरीभोवती गाठ मारली, की लग्न लागलं. माणसाने मारलेल्या गाठीला आमच्यात कोणी विचारत नाही. मिरथाने तो शेला हिवाळाभर विणला होता आणि हिवाळाभर त्याला घालूनपाडून बोललीही होती.

दुपार कलल्यावर नवऱ्याची आई, ओशीम, मागाच्या खोलीत आली. विधवा, धिप्पाड आणि तोंडाने तिखट. मला वाटलं, ही शिवी चांगली देईल. तिने शेला पाहिला आणि छातीवर हात ठेवला.

"अगं बाई! असलं देखणं कापड मी जन्मात पाहिलं नाही!"

शेल्याने आळस दिल्यासारखं अंग ताणलं, मागावरून सुटला आणि तरंगत जाऊन आढ्याला चिकटला.

"उतर खाली, मेल्या!" मिरथा ओरडली. "शेळीचं दावं तुझ्याहून बरं!"

शेला नुसता सळसळला. एकदा कौतुक चाखलेलं कापड शिव्यांवर विश्वास ठेवत नाही. राझेन, म्हणजे नवरा मुलगा, शिडी लावून चढला, तर शेला दुसऱ्या कोपऱ्यात सरकला.

"काका, ग्रंथ काढा," मिरथा म्हणाली.

थोरल्या नुहाचा विणकामाचा ग्रंथ आमच्या कोनाड्यात किती पिढ्या आहे, कोणास ठाऊक. दर सणाला त्याच्या पानांना लोणी लावायचं, एवढीच त्याची सेवा. आळीत वाचता येणारी दोघंच, मिरथा आणि साठीनंतर तिच्याकडून शिकलेला मी, तिचा सडाफटिंग काका. नवरीचे हात ओल्या हिरव्या रंगाने भरलेले, तेव्हा वाचायचं माझ्यावर आलं.

"फु... ग... ले... ल्या..."

"अहो व्याहीबुवा, सूर्य बुडेल!" ओशीम म्हणाली. "आमचं गाढव याहून लवकर घाट चढतं."

"मग त्यालाच बोलवा वाचायला. आणि फुगवला कोणी?"

मी बोट ठेवून पुढे गेलो. "'फुगलेल्या कापडासमोर दुसऱ्या कापडाचं कौतुक करावं. मत्सराने ते खाली येतं.'" पान उलटलं, तर कांद्याच्या सालीच्या रंगाचा विषय सुरू झालेला. मी ग्रंथ मिटला.

दुसरं कापड म्हणजे उंबऱ्याशी पडलेलं पोतेरं.

ओशीमने ते दोन बोटांनी उचललं, नाक वळवलं आणि गळा काढला, "काय हा रंग! चिखलालाही असा जमत नाही!"

"आणि किती मऊ!" मी म्हणालो. "राणीला नेसवावं असं!"

"राणीची काय लायकी आहे?"

वर शेल्याचं एक टोक खाली लोंबलं. मग दुसरं. आम्ही पोतेऱ्याच्या भोकांचीसुद्धा तारीफ केली तेव्हा मात्र त्याला राहवेना. तो सपकन खाली आला, मिरथा आणि राझेनला वेढा घातला आणि अशी घट्ट गाठ मारली की राझेन कण्हला. सूर्य अजून डोंगराला टेकतच होता. आळीभर आरोळी उठली.

तेवढ्यात माझ्या कमरेला काहीतरी गार, ओलं लागलं. पोतेरं मला वेढून ओशीमच्या मागून फिरलं आणि आमच्या दोघांच्या मधोमध त्याने ऐटीत गाठ मारली.

"हे काय?" ओशीम किंचाळली.

मिरथाने हसत हसत राझेनला ओढत नेलं आणि ग्रंथ उघडला. "काका, पान जाड नाही लागलं तुम्हाला?" लोण्याने दोन पानं चिकटली होती. तिने हिरव्या नखाने ती सोडवली आणि भराभर वाचलं. "'मात्र ज्याचं कौतुक कराल, ते कापडही तेच काम करायला धावेल. म्हणून जपून निवडावं. नको असलेली गाठ दोघांनी एकेक टोक धरून मिळून ओढली तर सुटते. एकट्याने ओढली तर आवळते.'"

मी एक टोक धरलं. ओशीमने दुसरं धरलं, माझ्याकडे पाहिलं आणि सोडून दिलं.

"सकाळपासून उपाशी आहे मी. आधी जेवू."

जेवायला बसलो. तिने न विचारता माझ्या सातूच्या भाकरीचा पापुद्रा काढून घेतला.

"आता ओढू या?" मी विचारलं.

"पानातलं संपू द्या की! घाई कसली? वाचताना नव्हती ती!"

दुसऱ्या दिवशी सगळी जोडपी निघतात तसे आम्हीही गाठ न सोडता वेढ्यातून सरकून बाहेर आलो. घाटापलीकडची मंडळी परत गेली. ओशीम गेली नाही. पोतेरं खुंटीला आहे, गाठ तशीच. घर पुसायला नवं आणावं लागलं.

रोज सकाळी मी एक टोक धरून विचारतो, "आज ओढायची का?"

ती मला पायापासून डोक्यापर्यंत न्याहाळते आणि म्हणते, "काय हे गोणपाट!"