तंकमणीचा स्वतःचा आवाज

तिरुवनंतपुरमच्या मालिकांमध्ये तंकमणी एकवीस वर्षं सासू होती. चेहरा तिचा, आवाज डबिंग करणाऱ्या अंबुजमचा. मालिकेच्या सेटवर संवाद कोणी पाठ करत नसे. कॅमेऱ्याच्या डावीकडे प्रॉम्प्टर उभा राहून वाक्य मोठ्याने सांगे, नट ते म्हणून पुढच्या वाक्याची वाट पाही. आवाज नंतर डबिंगमध्ये चढायचा, त्यामुळे प्रॉम्प्टर कितीही ओरडला तरी बिघडत नसे. दिवसाला पंचवीस पानं अशीच उरकत.

चोपन्नाव्या वर्षी तिला सिनेमा मिळाला. मिळाला म्हणजे, मिळेलसं दिसू लागलं. दिग्दर्शक जिथिनला आलप्पुळातल्या काथ्या कामगारांच्या सोसायटीच्या अध्यक्षाच्या भूमिकेसाठी नटी हवी होती, आणि आवाज जागेवरच रेकॉर्ड व्हायचा होता. पहिल्या चाचणीत तंकमणीने चार पानांचं भाषण बिनचूक म्हटलं. मात्र प्रत्येक वाक्यानंतर तिची मान डावीकडे कलत होती.

"चेची, तिकडे कोण उभंय?" जिथिनने विचारलं. वयाने मोठ्या बाईला तिकडे चेची, म्हणजे ताई, म्हणतात.

सगळे हसले. तंकमणीही हसली आणि म्हणाली, "पुन्हा घ्या."

"गुरुवारी घेतो. पण ते शेवटचं. निर्माते दुसरी बघा म्हणतायत."

ती तिथून थेट अंबुजमच्या दारात गेली.

"माझ्या पोटावर पाय द्यायला माझ्याच घरी आलीस?" सगळं ऐकून अंबुजम म्हणाली. "ये आत. कप्पाचा कंद उकडलाय, मासळी आहे. आधी खा."

जेवण झाल्यावर भाषण सुरू झालं. तिसऱ्या वाक्याला अंबुजमने टेबलावर थाप मारली.

"कललीस! अगं, तुझी ही मान मला तोंडपाठ आहे. ती कलली की मी श्वास घेते. एकवीस वर्षं त्या फटीत श्वास घेऊन जगलेय मी."

"मग काढ ती."

"मी कशी काढू? मी काय सुतार आहे?"

तरी तिने काढायला घेतली. दोन वाक्यं झाली की ती तंकमणीच्या डाव्या कानाशी भलतंच काहीतरी पुटपुटे: भाजीचे भाव, शेजारणीच्या सुनेच्या चहाड्या. तंकमणीची मान तिकडे वळली, की भाषण पहिल्यापासून. मंगळवारी चौदा वेळा पहिल्यापासून झालं. बुधवारी तंकमणीचा घसा बसला, तरी ती थांबली नाही. संध्याकाळी अंबुजमच्या चहाड्या संपल्या आणि भाषण शेवटपर्यंत गेलं.

गुरुवारी जिथिनसमोर दोन पानं सरळ गेली. तिसऱ्या पानावर तिला वाक्यच सुचेना. खोलीत पंख्याखेरीज कसलाही आवाज नव्हता. तिच्या मानेची शीर ताठ झाली. पण नजर तिने समोरच्या नटावरून हलू दिली नाही. त्या प्रसंगात तो कारखानदार झाला होता. ती त्याच्याकडे बघत राहिली, इतका वेळ की तो बिचारा खुर्चीत सरकला. मग वाक्य आलं. तिथून पुढे शेवटपर्यंत ती अडली नाही.

"मधे विसरले होते," ती स्वतःच म्हणाली. "ते पुन्हा घ्या."

"विसरलात ते कळलं. मान हलली नाही, हेही कळलं." जिथिनने रेकॉर्डिंग पुन्हा ऐकलं आणि कपाळ चोळलं. "चेची, काम पक्कं. फक्त आवाज... जाडाभरडा आहे. लोकांना तुमचा तो गोड आवाज ठाऊक आहे. अंबुजमचेचींकडून डब करून घेतला तर? निर्मात्यांनाही बरं वाटेल."

तंकमणीने पदर सारखा केला.

"जिथिन, सिनेमातली ही बाई तीस वर्षं काथ्या वळायच्या चाकाच्या घरघरीवर ओरडून बोलत आलीय. तिचा आवाज गोड कुठून असेल? आणि अंबुजमला विचारायचं असेल तर आत्ता विचार. हा घे फोन."

जिथिनने खरंच फोन लावला. अंबुजमने सगळं ऐकून घेतलं आणि इतक्या मोठ्याने उत्तर दिलं की कोपऱ्यातल्या साउंडवाल्यालाही ऐकू गेलं.

"मोने, बाळा, एकवीस वर्षं मी तिच्यासाठी गोड बोलले. आता तिचं तिला बोलू दे. मी येणार नाही."

जिथिनने फोन परत दिला. हातातल्या पानांतून तिसरं पान वर काढून तो साउंडवाल्याला म्हणाला, "माइक जवळ लाव. चेची विसरल्या होत्या ते पान पुन्हा घेतोय."